फसली सन आणि परभणीची दप्तरे

कालगणना ही आकाशातून आयती उतरलेली वस्तू आहे, असा आपला सामान्यतः समज असतो. सूर्य, चंद्र व नक्षत्रे ही निसर्गाची, हे खरे. परंतु वर्षाचा आरंभ कोठे करावा, त्यास कोणता अंक द्यावा व महिन्यांस कोणती नावे ठेवावी, हे मनुष्यानेच ठरविले आहे, आणि पुष्कळदा ज्याच्या हाती वसुली होती त्याने ठरविले आहे. ह्याचे आमच्या घराजवळचे उदाहरण म्हणजे फसली सन. परभणी जिल्ह्यातील ज्या कुटुंबांत जमिनीचे जुने कागद जपून ठेविले आहेत, त्यांस हे नाव परिचित असेल; त्याच्या जन्माची कथा मात्र फार थोड्यांस ठाऊक असते.

हिजरी वर्ष शुद्ध चांद्र, म्हणजे सुमारे ३५४ दिवसांचे. सौर वर्षाहून ते ११ दिवसांनी उणे. आपल्या पंचांगात अधिक मास धरून ही तूट भरून काढितात. हिजरीत तशी सोय नाही. त्यामुळे ३२ सौर वर्षांच्या अवधीत ३३ हिजरी वर्षे उलटतात. आता सारा हिजरी वर्षाप्रमाणे घ्यावयाचा म्हटले, तर कुणब्याने पिके ३२ वर्षांची काढावी आणि सारा मात्र ३३ वर्षांचा भरावा, असा प्रसंग येणार! शिवाय हप्त्याचा महिना दरवर्षी मागे सरकत सरकत अखेर ज्वारी शेतात उभी असतानाच दारात येऊन उभा राहणार. धर्माचे सण ऋतूंतून फिरत राहिले तर बिघडत नाही. परंतु सरकारचा हप्ता ऋतू सोडून फिरू लागला, तर रयत बुडते व तिच्यामागून सरकारही बुडते.

म्हणून पिकाचे वर्ष निराळे करण्यात आले. ‘फसल’ म्हणजे हंगाम, पीक, त्यावरून फसली. अकबराच्या राज्यारोहणाचे हिजरी वर्ष ९६३, म्हणजे इसवी सन १५५६, हे मूळ धरून उत्तरेत ही गणना चालू झाली. दक्षिणेत ती शहाजहानच्या काळी, १६३६ च्या सुमारास आली. त्या वेळी हिजरी १०४६ चालू होते. तोच अंक उचलला आणि तेथून पुढे त्यास सूर्याच्या गतीने चालविले. अंक चंद्राचा व चाल सूर्याची, असे हे जोडकाम आहे. दक्षिणेत ही कल्पना अगदी नवी नव्हती. मराठ्यांच्या कागदांत आढळणारा शुहूर सन असाच हिजरी ७४५, म्हणजे इसवी सन १३४४ च्या सुमारास, हिजरीपासून फुटून मृग नक्षत्राशी बांधला गेला होता. मधल्या ८० सौर वर्षांत हिजरी अंक दोनअडीच वर्षे पुढे गेल्यामुळे उत्तरेचा फसली व दक्षिणेचा फसली ह्यांत आजही सुमारे दोन वर्षांचे अंतर पडते.

हैदराबाद संस्थानात ह्या सनाने आणखी एक वेष घेतला. परभणी त्या संस्थानाचा जिल्हा. तेथे विसाव्या शतकात फसली वर्षाचा आरंभ ६ ऑक्टोबरच्या सुमारास होई, आणि महिन्यांची नावे जुनी इराणी: आजूर, दै, बहमन, इस्फंदार, फरवर्दी, उर्दीबिहिश्त, खुर्दाद, तीर, अमर्दाद, शहरेवर, मेहेर व आबान. इराणात फरवर्दीन वसंतसंपाताला आरंभतो. आमच्याकडे तो फेब्रुवारीतच येऊन बसला. गोदाकाठच्या कुणब्यास ह्या नावांचे सोयरसुतक नव्हते. नवे वर्ष सुरू होई तेव्हा त्याच्या लेखी हस्ताचा पाऊस चाललेला असे व रब्बीच्या पेरणीची घाई असे. लग्नाची तिथी शकाच्या पंचांगातून, मोहरम हिजरीप्रमाणे, आगगाडीचे वेळापत्रक इंग्रजी तारखेचे आणि सारा फसलीचा, असे चार काळ एकाच गावात सुखाने नांदत होते.

अडचण पुढच्या पिढ्यांस आली. कागदावर नुसता ‘सन १३३०’ एवढाच अंक आहे असे समजा. तो फसली असेल, तर इसवी सन १९२०-२१. हिजरी असेल, तर १९११-१२. नऊ वर्षांचे हे अंतर जमिनीच्या वादात थोडे नव्हे; तेवढ्यात बाप जाऊन मुलगा खातेदार झालेला असतो. हैदराबादी फसली अंकात आजूरपासून डिसेंबरअखेर ५९० व जानेवारीपासून आबानअखेर ५९१ मिळविले म्हणजे इसवी सन येतो, एवढे साधे गणित पाठ असले तरी पुष्कळ घोटाळे टळतील.

राज्ये जातात, परंतु त्यांच्या तारखा लवकर जात नाहीत. १७ सप्टेंबर १९४८ रोजी निजामाने शरणागती पत्करली. तो दिवस शके १८७० च्या भाद्रपदातला, हिजरी १३६७ मधला आणि फसली १३५७ च्या आबान महिन्यातला. पुढच्याच वर्षी जहागिरी नष्ट करणारा कायदा झाला, त्याच्या नावात मात्र ‘१३५८ फसली’ हेच वर्ष राहिले. निजामी अमदानीचा एक आधारस्तंभ त्याच अमदानीच्या वर्षगणनेने पाडावा, हा इतिहासाचा विनोदच म्हणावयाचा. ‘हैदराबाद जमीन महसूल कायदा, १३१७ फसली’ तर ह्याहून दीर्घायुषी ठरला. महाराष्ट्राची जमीन महसूल संहिता १५ ऑगस्ट १९६७ रोजी अंमलात आली, तेव्हा कोठे मराठवाड्यातून त्याची सत्ता उठली.

पिकाचा हिशेब चुकू नये म्हणून निघालेल्या ह्या सनाने स्वतःचा हिशेब मात्र पुढच्यांवर सोपविला आहे. पाथरी, गंगाखेड, जिंतूर वा सेलू येथील घरांतून उर्दू व मोडी कागदांची जी गाठोडी अजून माळ्यावर पडून असतील, ती वाचता येत नाहीत म्हणून रद्दीत घालू नयेत, अशी आमची वाचकांस आग्रहाची विनंती आहे. जाणत्याकडून ती वाचून घ्यावी, आणि प्रत्येक कागदाच्या पाठीवर सन कोणता व त्याचे इसवी वर्ष कोणते, हे मराठीत लिहून ठेवावे.