काळी फोर्ड, निळी ओकलंड
हेन्री फोर्डची मॉडेल टी म्हणजे काळीच, ही समजूत अर्धीच खरी. १९०८मध्ये आलेली ही मोटार सुरुवातीला लाल, हिरव्या, करड्या रंगांतही मिळे. १९१४ ते १९२५ मात्र फक्त काळी, कारण तो रंग स्वस्त होता आणि टिकाऊही.

खरी क्रांती केली ड्यूपाँ कंपनीच्या ‘ड्युको’ लॅकरने. ब्रशने दिलेला जुना रंग पुरता वाळायला आठवडे लागत; फवारलेला ड्युको काही तासांत सुके. जनरल मोटर्सने १९२४च्या ओकलंड मोटारी त्यात निळ्या रंगवल्या. १९२६च्या मॉडेलसाठी फोर्डलाही रंग परत आणावे लागले.

पुढे छटा वाढल्या, त्यांना सांकेतिक क्रमांक मिळाले. खरचटलेली गाडी रंगवण्याआधी दाराच्या चौकटीवरची किंवा बॉनेटखालची, हा क्रमांक असलेली पट्टी वाचावी. नुसत्या नजरेने छटा जुळवू नये.