२९ जानेवारी १९१७ : ‘के-१३’ पाणबुडीला जलसमाधी
ब्रिटिश नौदलाची वाफेवर चालणारी ‘के-१३’ पाणबुडी स्कॉटलंडमधील गेअरलॉख खाडीत चाचणीदरम्यान बुडाली. युद्धनौकांच्या ताफ्याबरोबर २४ नॉट, म्हणजे ताशी सुमारे ४४ किलोमीटर, वेग राखणे तत्कालीन डिझेल इंजिनांना शक्य नसल्याने या वर्गात बॉयलर व वाफेची टर्बाइन बसवली होती. त्यामुळे बुडी मारण्यापूर्वी दोन धुराडी आडवी करून हवा आत घेणारी दारे मिटावी लागत, आणि पाणबुडीला इतकी भोके ठेवणे हाच आराखड्यातील घातक दोष होता. त्या दिवशी बॉयलर-कक्षाची दारे उघडीच राहून पाणी घुसले. नाळ पाण्याबाहेर उचलून, पत्रा ज्योतीने कापून, वाचलेल्या बहुतेकांना सुमारे ५७ तासांनी बाहेर काढले गेले. ३२ जण मृत्युमुखी पडले. पुढे दुरुस्तीनंतर तीच पाणबुडी ‘के-२२’ नावाने पुन्हा नौदलात दाखल झाली.