ठेकेदाराला काळ्या यादीत टाकण्याआधी नोटीस का द्यावी लागते?

रस्त्यावर खड्डे पडले, पूल खचला की सोशल मीडियावर पहिली मागणी येते: ठेकेदाराला काळ्या यादीत टाका. मागणी रास्त असू शकते. पण असे आदेश कोर्टात टिकत नाहीत, तेव्हा बऱ्याचदा कारण एकच असते. कार्यालयाने नीट नोटीसच दिलेली नसते.

काळ्या यादीत टाकणे म्हणजे ठरावीक काळासाठी त्या कंपनीला सरकारी निविदा भरण्यास बंदी. चालू कंत्राट रद्द करण्यापेक्षा ही शिक्षा मोठी आहे. कंत्राट रद्द झाले तर एक काम जाते. काळ्या यादीचा शिक्का मात्र पुढच्या प्रत्येक निविदेत आडवा येतो, कारण ‘यापूर्वी काळ्या यादीत होता का?’ हा प्रश्न इतर खातीही विचारतात.

कोणाशी व्यवहार करायचा हे खासगी मालक मनाप्रमाणे ठरवू शकतो. सरकारला ती मोकळीक नाही. राज्यघटनेचे कलम 14 म्हणजे समानतेचा हक्क तिथे लागू होतो. इरुशियन इक्विपमेंट विरुद्ध पश्चिम बंगाल सरकार या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1974 मध्येच सांगितले, की काळ्या यादीत टाकण्यापूर्वी बाजू मांडण्याची संधी दिलीच पाहिजे.

पण ‘नोटीस दिली होती’ एवढे पुरते का? यूएमसी टेक्नॉलॉजीज विरुद्ध भारतीय अन्न महामंडळ हा खटला इथे पाहण्यासारखा आहे. मध्य प्रदेशात महामंडळाच्या पहारेकरी भरतीची परीक्षा घेण्याचे काम या कंपनीकडे होते. एप्रिल 2018 मध्ये पेपरफुटीचे प्रकरण झाले आणि महामंडळाने कारणे दाखवा नोटीस पाठवली. त्यात कराराच्या अटी मोडल्याचे म्हटले होते, काळ्या यादीचा उल्लेख नव्हता. जानेवारी 2019 च्या आदेशात मात्र पाच वर्षांची बंदी आली. नोव्हेंबर 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली. कोणती शिक्षा विचाराधीन आहे हे नोटिशीत स्पष्ट लिहिलेले हवे, निदान मजकुरावरून सरळ कळायला हवे. नाहीतर समोरचा उत्तर देणार कशाचे? हाच मुद्दा 2014 च्या गोरखा सिक्युरिटी खटल्यातही आला होता.

म्हणजे ठेकेदार निर्दोष ठरला असे नव्हे. नोटिशीत एक वाक्य कमी पडले आणि बंदी कोसळली. नुकसान शेवटी कार्यालयाचेच.

रीतसर नोटीस दिली, उत्तर ऐकून घेतले, तर कडक कारवाई टिकते. भुवनेश्वरच्या बोमीखाल भागात सप्टेंबर 2017 मध्ये बांधकाम सुरू असलेला उड्डाणपुलाचा भाग कोसळून एकाचा मृत्यू झाला, अकरा जण जखमी झाले. ओडिशा सरकारने पांडा इन्फ्राप्रोजेक्ट या कंपनीवर कायमची बंदी घातली, ती उच्च न्यायालयाने रद्द केली. 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सरकारची कारवाई योग्य ठरवली, फक्त मुदत कायमची न ठेवता पाच वर्षांवर आणली. शिक्षा चुकीच्या प्रमाणात हवी, हा निकष इथे लागला. बीएसएनएलने पुरवठादार कुलजा इंडस्ट्रीजवर घातलेल्या कायमच्या बंदीबाबतही न्यायालयाने 2013 मध्ये हाच निकष लावला होता.

केंद्र सरकारच्या खात्यांसाठी सामान्य वित्तीय नियम, 2017 मधील नियम 151 आहे. भ्रष्टाचारासारख्या गुन्ह्यात दोषी ठरल्यास बंदी तीन वर्षांपर्यंत. सचोटीची आचारसंहिता मोडल्यास खरेदी करणारे कार्यालय स्वतः दोन वर्षांपर्यंत बंदी घालू शकते. बाजू मांडण्याची वाजवी संधी दिल्याशिवाय बंदी घालता येणार नाही, हेही त्याच नियमात लिहिले आहे.

यापुढे ‘ठेकेदार काळ्या यादीत’ अशी बातमी दिसली, की तीन गोष्टी पाहाव्यात: नोटिशीत काळ्या यादीचा उल्लेख होता का, आदेशात कारणे दिली आहेत का आणि बंदी किती वर्षांची आहे.