झाडू, पाटी आणि दंडाची पावती

न्यूयॉर्क शहराविषयी जे ललित आणि वैचारिक लेखन आपल्या वाचनात येते, त्यात गगनचुंबी इमारती असतात, भुयारी रेल्वे असते, बंदरावर उतरलेले निर्वासित असतात; रस्त्याच्या कडेच्या खांबांवर ठोकलेल्या पत्र्याच्या पाट्या मात्र सहसा नसतात. वास्तविक त्या शहरात रोज, अत्यंत काळजीपूर्वक आणि चुकीच्या अर्थनिर्णयाची किंमत तत्काळ मोजण्याच्या तयारीने वाचला जाणारा मजकूर तोच असावा. वाहन कोठे, किती वेळ आणि कोणत्या दिवशी उभे करावे, हे सांगणाऱ्या त्या पाट्यांकडे इतिहासाचे साधन म्हणून पाहावे, एवढाच या लेखाचा हेतू आहे. पाटीवर लिहिलेली असते ती रस्ता झाडण्याची वेळ. परंतु त्या पाटीला केलेले अपवाद आणि तिच्या भंगाबद्दलचा दंड यांचा मागोवा घेतला, तर शहराने कोणाला आपले मानले आणि कोणाशी कसा सौदा केला, हे आम्हांस पुष्कळ जाड्या ग्रंथांपेक्षा अधिक स्पष्ट दिसते.

आरंभी थोडे भाषेविषयी. न्यूयॉर्कच्या पाट्या तीन क्रियापदांत भेद करतात. 'नो पार्किंग' असे लिहिलेले असेल, तर माणसांची चढउतार करण्यापुरते आणि सामान ठेवण्या-काढण्यापुरते थांबता येते. 'नो स्टँडिंग' असेल, तर माणसे उतरवावीत, सामानाला हात लावू नये. 'नो स्टॉपिंग' म्हटले की दोन्ही बंद. कोशात हे तीन शब्द जवळजवळ शेजारी राहतात. कायद्याने त्यांच्यात भिंती घातल्या आहेत, आणि त्या भिंती ठाऊक नसलेल्या पाहुण्याच्या काचेवर पावती चिकटते. 'पार्क' हा शब्दही मूळचा बागेपुरता नव्हे. कुंपण घातलेली जागा, मग तोफा आणि दारूगोळ्याचे गाडे ओळीने उभे करण्याचे सैन्याचे मैदान, आणि तेथून वाहन उभे करण्याची क्रिया, असा त्याचा प्रवास आहे. मराठीने हा सारा व्यवहार एका 'लावणे'त उरकला. आपण झाड लावतो, दार लावतो, तशीच गाडीही लावतो. लावलेली गाडी झाडासारखी त्या जागी रुजते, आणि जागा आपलीच वाटू लागते. हा भाव केवळ मराठी नाही, हे पुढे दिसेलच.

मोटार आली आणि पार्किंगचा प्रश्न आला, असा एक सार्वत्रिक समज आहे. तो खरा नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस न्यूयॉर्कच्या दाट वस्त्यांतील गाडीवान रात्री घोडे सोडून तबेल्यात नेत आणि मालाचे रिकामे गाडे रस्त्यावरच ठेवून जात. तबेल्यात घोड्यापुरती जागा भाड्याने घेणे परवडे. गाड्याची जागा रस्ता फुकट देई. त्या गाड्यांच्या आडोशाला लीद, राख आणि घरातला केरकचरा साचे. १८९५ मध्ये जॉर्ज वॉरिंग हा यादवी युद्धात लढलेला कर्नल रस्ते सफाई खात्याचा प्रमुख झाला. त्याने झाडूवाल्यांना पांढरे गणवेश दिले, त्यांच्या मिरवणुका काढल्या, हे अनेकांनी लिहिले आहे. त्याहून महत्त्वाची गोष्ट अशी की, त्याने रस्त्यावरचे बेवारस उभे गाडे उचलून नेण्याचा सपाटा लावला. गाडीवानांचा रोष मोठा होता. त्यांच्या दृष्टीने पाहिले तर तो अकारणही नव्हता. धंद्याचा एक अलिखित आधारच काढून घेतला जात होता. दुसऱ्या बाजूला त्याच गल्ल्यांतील मुलांना खेळायला प्रथमच मोकळा रस्ता मिळत होता. सार्वजनिक जागेच्या फुकट वापरावर ज्याची उपजीविका उभी आहे तो, आणि ती जागा मोकळी झाली तर ज्याला श्वास घेता येईल तो, हे दोघे बहुधा एकाच गल्लीत आणि सारख्याच दारिद्र्यात राहतात. वॉरिंग १८९८ मध्ये हवानाच्या स्वच्छतेची पाहणी करून परतला आणि पीतज्वराने गेला. त्याचा झाडू मात्र पुढच्या शतकातील नियमांत शिरला.

दुसऱ्या महायुद्धानंतर मोटारींची संख्या वाढली आणि हातझाडूची जागा यांत्रिक झाडूने घेतली. हे यंत्र पदपथाच्या कडेला लागून चालते. कडेला एक गाडी उभी असली तरी त्याला वळसा घालावा लागतो आणि तेवढा कचरा तसाच राहतो. म्हणून १९५० साली लोअर ईस्ट साइडमध्ये एक प्रयोग सुरू झाला. ठरलेल्या दिवशी, ठरलेल्या तासांत रस्त्याची एक बाजू रिकामी करायची, दुसऱ्या ठरलेल्या दिवशी दुसरी. त्याला 'आल्टर्नेट साइड पार्किंग' हे नाव पडले आणि हळूहळू तो बहुतेक शहरभर पसरला. पुण्याच्या वाचकांस येथे पी-१ आणि पी-२ च्या पाट्या आठवतील. सम तारखेला एक बाजू, विषम तारखेला दुसरी. नाते जवळचे दिसते, पण हेतू निराळा आहे. आपल्याकडील पाटीमागे झाडू नाही. अरुंद रस्त्याची एक कड वाहतुकीसाठी मोकळी राहावी, इतकाच हिशेब आहे. तारखेवर चालणाऱ्या नियमाला ३१ नंतर लागोपाठ १ आली की विषमावर विषम सोसावी लागते, ही गंमत न्यूयॉर्कला ठाऊक नाही. तेथे वार चालतात.

न्यूयॉर्कच्या रस्त्यांवर मोटारींसाठी सुमारे ३० लाख जागा आहेत असे सांगितले जाते, आणि त्यांतील बहुतेक विनाशुल्क आहेत. जगातील अत्यंत महाग जमिनींपैकी काही पट्टे ज्याने आधी येऊन गाडी लावली त्याचे, अशी ही व्यवस्था आहे. तिचे भाडे पैशांत नव्हे, वेळेत भरायचे असते. झाडूच्या दीड तासापूर्वी मालक खाली येतो, गाडी समोरच्या ओळीला खेटून दुहेरी लावतो, झाडू गेला की धावत परततो. किंवा आत बसून वर्तमानपत्र वाचत राहतो आणि झाडू आला की तेवढ्यापुरती गाडी हलवतो. दुहेरी लावणे नियमाने गुन्हाच आहे. तरीही अनेक वस्त्यांत त्या दीड तासात पोलीस त्याकडे काणाडोळा करतात, आणि अडकलेल्या शेजाऱ्यासाठी काचेवर फोनचा क्रमांक ठेवण्याची पद्धत रूढ झाली आहे. लिखित नियमाच्या कुशीत वाढलेला हा अलिखित नियम आहे.

साहित्याने याची दखल घेतली नाही असे नाही. कॅल्व्हिन ट्रिलिन यांची 'टेपर इझन्ट गोइंग आउट' ही २००२ मधील कादंबरी नेमकी या विषयावर उभी आहे. तिचा नायक मरी टेपर नियमांत बसणारी जागा शोधतो, मीटरमध्ये पैसे टाकतो आणि गाडीतच वाचत बसतो. जागा सोडणार का, असे विचारणाऱ्यांना तो नकार देतो. होता होता लोक त्याच्या शेजारी येऊन बसून सल्ला मागू लागतात आणि शिस्तीचे वेड घेतलेला महापौर अस्वस्थ होतो. नियम मोडणारा नव्हे, तर नियम अक्षरशः पाळणारा माणूस सत्तेला खुपतो, हा या विनोदी कादंबरीतील गंभीर धागा आहे. मराठी शहरी कादंबरीत अद्याप पार्किंग आलेले नाही. भाड्याची खोली आणि पाण्याचा नळ यांनीच तिची बरीच जागा व्यापली. असो.

दंडाची कहाणी याहून वळणाची आहे. पूर्वी पार्किंगचा गुन्हा हा गुन्हाच होता. तो फौजदारी न्यायालयात जाई. खटल्यांचा ढीग असह्य झाला, तेव्हा १९७० मध्ये पार्किंग व्हायोलेशन्स ब्यूरो या नव्या कार्यालयाकडे हे काम सोपवले गेले. सोय झाली, यात वाद नाही. परंतु त्याबरोबर पार्किंगचा भंग हा नीतीचा प्रश्न न राहता वसुलीचा झाला. आणि वसुली आली की कंत्राटे आली. १९८६ मध्ये उघड झाले की थकलेला दंड वसूल करण्याची आणि पावत्या करण्याच्या हातातल्या संगणकांची कंत्राटे लाच देऊन मिळवली जात होती. क्वीन्स विभागाचे अध्यक्ष डोनाल्ड मेनेस यांनी त्याच वर्षी मार्चमध्ये आत्महत्या केली. ब्राँक्समधील डेमोक्रॅटिक पक्षाचे पुढारी स्टॅन्ली फ्रीडमन दोषी ठरले. खटला चालवणारे सरकारी वकील होते रुडॉल्फ जुलियानी, जे पुढे शिस्तीचा डांगोरा पिटत महापौर झाले. काचेवर चिकटणाऱ्या कागदाच्या कपट्याने शहराचे राजकारण असे हलवले.

त्या कपट्याचे वजन सर्वांना सारखे नाही, याचा सर्वांत नेमका पुरावा अर्थशास्त्रज्ञ रे फिस्मन आणि एडवर्ड मिगेल यांनी दिला. संयुक्त राष्ट्रांमुळे तेथे राहणाऱ्या परदेशी राजनैतिक अधिकाऱ्यांना दंडवसुलीपासून संरक्षण होते. १९९७ ते २००२ या पाच वर्षांत त्यांनी न भरलेल्या पावत्यांची संख्या दीड लाखांहून अधिक भरली. काही देशांच्या अधिकाऱ्यांनी, दंड होणार नाही हे ठाऊक असूनही, एकही पावती थकवली नाही. काहींनी माणशी शेकड्यांच्या घरात थकवल्या. या अभ्यासावरून देशोदेशींच्या नैतिकतेविषयी निष्कर्ष काढण्याचा मोह पुष्कळांना झाला. आम्हांस त्यातील दुसरी गोष्ट अधिक बोलकी वाटते. २००२ च्या अखेरीस थकबाकीदारांच्या खास नंबरपाट्या काढून घेण्याची तरतूद अमलात आली आणि थकणाऱ्या पावत्या जवळजवळ नाहीशा झाल्या. संस्कृती पाच वर्षे बोलत होती. पाटी जाण्याची भीती दिसताच ती गप्प झाली.

२००४ पासून शहराने मालवाहू कंपन्यांशी आणखी एक करार सुरू केला. कंपनीने पावत्यांविरुद्ध दाद मागायची नाही. त्या बदल्यात ठरावीक गुन्ह्यांचा दंड आधीच कमी करून, काही बाबतींत पूर्ण माफ करून घ्यायचा. येथे दंड हा शब्द केवळ शिष्टाचारापुरता उरतो. ती किंमत आहे, आणि तीही घाऊक दराने. किरकोळ ग्राहकाचे काय? मॅनहॅटनच्या दक्षिण भागात झाडूच्या वेळी गाडी राहिली तर ६५ डॉलर, आगीच्या नळापासून १५ फुटांच्या आत लावली तर ११५ डॉलर. ज्याला खाजगी गॅरेजला दरमहा कित्येकशे डॉलर द्यावे लागतील, तो अधूनमधूनच्या ६५ डॉलरकडे भाडे म्हणून पाहू शकतो. रोजंदारीवर जाणाऱ्याचे, ज्याची पाळी झाडूच्या वेळेशीच टक्कर घेते, तेच ६५ डॉलर दिवसाच्या कमाईचा मोठा घास घेतात. अंक एकच, एकासाठी तो दर आहे, दुसऱ्यासाठी शिक्षा. नळाचा नियम मात्र आम्ही या हिशेबाबाहेर ठेवतो, कारण तेथे पणाला लागते ते कोणाचे तरी घर.

केवळ पैशाने भागत नाही असे वाटून शहराने मध्यंतरी लाजही वापरून पाहिली. १९८०च्या दशकाच्या अखेरीपासून झाडूच्या वाटेत आलेल्या गाडीच्या काचेवर भडक रंगाचे, सहज न निघणारे कागद चिकटवले जात. या गाडीमुळे हा रस्ता झाडता आला नाही, असा त्यांचा आशय. दंडाबाबत दाद मागता येते, लाजेबाबत नाही. कारण कागद आधी चिकटतो आणि सुनावणी नंतर होते. २०१२ मध्ये महापौरांचा नकाराधिकार डावलून शहराच्या कौन्सिलने ही पद्धत बंद केली.

आता अपवादांकडे वळू. वर्षातील सुमारे चाळीस दिवशी झाडूचा नियम स्थगित असतो, आणि त्या दिवसांचे पंचांग शहर दरवर्षी प्रसिद्ध करते. मुळात युक्तिवाद साधा होता: ज्या दिवशी धर्माज्ञेने गाडी चालवता येत नाही, त्या दिवशी ती हलवली नाही म्हणून श्रद्धाळू ज्यूला दंड करणे अन्यायाचे. पुढे मात्र यादीत योम किपुर आणि पूरिम, गुड फ्रायडे, दोन्ही ईद, चांद्र नववर्ष असे दिवस जमत गेले. त्यांतील कित्येकांना वाहन चालवण्याची मनाई नाही. यादीत येणे हाच हेतू झाला. २००५ मध्ये दिवाळी त्यात आली. दिवाळीत गाडी हलवू नये असे कोणत्याही शास्त्रात नाही; उलट आपल्याकडे पाडव्याला नवी गाडी घेऊन ती शहरभर हलवण्याचीच रीत आहे. तरीही क्वीन्समधील भारतीय वंशाच्या आणि गयाना-त्रिनिदादहून आलेल्या हिंदूंना त्या नोंदीचे मोल होते; नगराच्या अधिकृत कागदावर त्यांचा सण प्रथमच असा आला.

या पंचांगातही वर्णव्यवस्था आहे, हे नोंदवले पाहिजे. नाताळ किंवा स्वातंत्र्यदिन यांसारख्या प्रमुख सुट्ट्यांना झाडूही थांबतो आणि मीटरही. दिवाळी दुसऱ्या पंगतीत बसते. तिच्या दिवशी झाडू थांबतो, मीटर चालूच राहतो. त्या पलीकडची ओळख यायला बराच काळ लागला. शाळांना दिवाळीची सुट्टी देणाऱ्या कायद्यावर राज्यपालांची सही २०२३ मध्ये झाली आणि १ नोव्हेंबर २०२४ रोजी शहराच्या सरकारी शाळा दिवाळीनिमित्त प्रथमच बंद राहिल्या. मुलांच्या आधी एकोणीस वर्षे ही सवड मोटारींना मिळाली होती.

कोविडच्या साथीत, मार्च २०२० मध्ये, झाडूचा नियमच स्थगित झाला. त्या उन्हाळ्यात तो परतला तेव्हा शहराने जाहीर केले की, पाटीवर आठवड्यातील दोन वार असतील, तर त्यांतील शेवटचाच पाळावा. पाट्या बदलल्या नाहीत. दोन वर्षे लोक खांबावरचा मजकूर वाचत आणि त्यातला पहिला वार मनातल्या मनात खोडत. जुलै २०२२ मध्ये दोन्ही वार पुन्हा लागू झाले. पाट्यांना काहीच करावे लागले नाही, कारण त्यांवर तेच लिहिलेले होते.