सगळी पानं दिसणारा माणूस

क्रिकेटपटू निवृत्त होऊन समालोचक होतो, याचं आपल्याला काही वाटत नाही. पण पोकरचा धंदेवाईक खेळाडू समालोचक होतो तेव्हा एक वेगळाच प्रश्न उभा राहतो. कारण क्रिकेटमध्ये चेंडू सगळ्यांनाच दिसतो. पोकरमध्ये मुख्य गोष्टच झाकलेली असते. टेक्सास होल्डेम या प्रकारात हातात दोन झाकलेली पानं आणि टेबलावर सगळ्यांची मिळून पाच उघडी, एवढ्यावर डाव चालतो.

त्यामुळे हा खेळ टीव्हीवर बराच काळ रंगेना. कोण थाप मारतोय हे प्रेक्षकाला कळणार कसं? उपाय शोधला हेन्री ऑरेनस्टाइन यांनी. हे पोलंडचे ज्यू. नाझी छावणीत त्यांनी आपण गणितज्ञ असल्याची खोटी नोंद केली आणि त्या थापेवर जीव वाचवला. पुढे अमेरिकेत खेळण्यांचे कारखानदार झाले आणि १९९५ साली त्यांना झाकलेली पानं कॅमेऱ्यानं दाखवणाऱ्या टेबलाचं पेटंट मिळालं. १९९९ साली ब्रिटनच्या चॅनल फोरवर ‘लेट नाइट पोकर’ सुरू झालं. त्यात काचेखालच्या कॅमेऱ्यांमुळे घरबसल्या सगळ्यांचे हात दिसू लागले.

आता माइक सेक्स्टन यांच्याकडे येऊ. तरुणपणी जिम्नॅस्ट, मग सैन्यात छत्रीधारी, मग लास व्हेगासमध्ये पत्त्यांवर पोट. १९८९ मध्ये त्यांनी ‘वर्ल्ड सिरीज ऑफ पोकर’मधली एक स्पर्धा जिंकली. २००३ पासून ‘वर्ल्ड पोकर टूर’ टीव्हीवर दिसू लागली. तिचे ते समालोचक, सोबत अभिनेते व्हिन्स व्हॅन पॅटन. २०१७ पर्यंत त्यांनी हे काम केलं.

आता बघा, एकाच्या हातात दोन राजे, दुसऱ्याच्या हातात दोन एक्के. राजेवाला सगळे पैसे लावतो आणि हरतो. घरी बसलेला म्हणतो, “काय मूर्ख आहे!” पण हातात दोन राजे असताना समोरच्या एका खेळाडूकडे दोन एक्के असण्याची शक्यता किती? २०४ मध्ये एक! म्हणजे त्याचा निर्णय योग्य होता, निकाल तेवढा वाईट लागला. हे प्रेक्षकाला पटवून द्यायला अर्ध्या माहितीवर आयुष्यभर निर्णय घेतलेला माणूसच लागतो. समालोचकाला आता सगळं दिसतं, आणि तरी खेळाडूला काय दिसत नव्हतं याचं भान त्यानं सोडायचं नसतं.

सेक्स्टन तर टेबल पूर्ण सोडूनही गेले नाहीत. २०१६ साली, साठी उलटून गेल्यावर, त्याच टूरची माँट्रियलची स्पर्धा त्यांनी जिंकली. २०२० मध्ये ते गेले.

मित्रहो, इतिहास वाचणारे आपणही त्या समालोचकाच्याच खुर्चीत बसलेलो असतो, बरं का. पुढे काय झालं हे आपल्याला ठाऊक असतं, आणि त्या जोरावर आपण मेलेल्या माणसांना शहाणे-मूर्ख ठरवून मोकळे होतो. तसं ठरवण्याआधी एवढंच विचारावं: त्या घडीला त्याच्या हातात कुठली पानं होती?