मंगळावरचे पंचांग : एका कल्पित कालगणनेचा इतिहास

कथेसाठी नवे जग उभे करणाऱ्या लेखकापुढे एक साधा प्रश्न येतोच : तिथे आज तारीख कोणती? बहुतेक विज्ञानकथा पृथ्वीचेच कॅलेंडर वापरून वेळ मारून नेतात. जग पूर्णपणे काल्पनिक असेल तर वर्ष कितीही दिवसांचे ठरवा, विचारणारे कोणी नाही. मंगळाचे तसे नाही. तिथे माणूस अजून राहत नाही, म्हणून कालगणना कल्पित. पण ग्रहाची गती मोजलेली आहे, म्हणून हिशेब खरा. कॅलेंडरमध्ये निसर्गाचे किती आणि माणसाचे किती, हे समजून घ्यायला मला यापेक्षा चांगले उदाहरण माहीत नाही.

निसर्गाने दिलेले आकडे आधी पाहू. मंगळाचा सौर दिवस 24 तास 39 मिनिटे 35 सेकंदांचा असतो. त्याला 'सोल' म्हणतात. एका वसंतसंपातापासून पुढच्या वसंतसंपातापर्यंत 668.5907 सोल लागतात. एवढेच. महिना निसर्गाने दिलेलाच नाही. आपला महिना चंद्राने दिला. मंगळाला दोन चंद्र आहेत, पण फोबोस 7 तास 39 मिनिटांत एक फेरी पूर्ण करतो, डीमॉसला सुमारे 30 तास लागतात. तिथे अमावास्या-पौर्णिमेवर महिना बांधायला गेलात तर रोज एखाददुसरा महिना संपेल! तेव्हा मंगळावरचा महिना म्हणजे निव्वळ माणसांनी आपसात केलेला करार.

दिवसाच्या जादा 39 मिनिटांचे काय करायचे? किम स्टॅन्ली रॉबिन्सन यांच्या 'रेड मार्स' (1992) या कादंबरीत मध्यरात्री घड्याळे साडेएकोणचाळीस मिनिटे थांबतात आणि मग पुन्हा चालू होतात. कल्पना सुंदर आहे, कारण तो वेळ कोणाच्याच हिशेबात धरलेला नसतो. प्रत्यक्षात मात्र दुसरा मार्ग निघाला. मंगळावरील मोहिमा चालवणारे अभियंते सोलचेच 24 भाग करतात. त्यामुळे तिथला प्रत्येक तास, मिनिट आणि सेकंद आपल्यापेक्षा सुमारे पावणेतीन टक्के लांब होतो. 2004 मध्ये दोन रोव्हर उतरले तेव्हा त्यांच्या चमूतील लोकांसाठी लॉस एंजेलिसजवळच्या एका घड्याळजीने अशी हळू चालणारी मनगटी घड्याळे खास तयार केली होती.

आता संपूर्ण कॅलेंडर. अमेरिकन अंतराळ अभियंता थॉमस गँगेल यांनी 1985 मध्ये 'डेरियन' कॅलेंडर तयार केले आणि त्याला आपल्या मुलाचे, डेरियसचे नाव दिले. वर्षाचे चार भाग, प्रत्येक भागात सहा महिने. त्यातले पहिले पाच 28 सोलांचे, सहावा 27 चा. एका भागाचे 167, चार भागांचे 668 सोल झाले. उरलेल्या 0.5907 साठी लीप वर्षे. सर्व विषम वर्षे लीप धरली की दहा वर्षांत पाच, 10 ने भाग जाणारे वर्षही लीप धरले की सहा, म्हणजे सरासरी 0.6. शतकी वर्षातली लीप काढून टाकली की 0.59. दर वर्षी फक्त 0.0007 चा फरक उरला, म्हणजे सुमारे चौदाशे वर्षांनी एका सोलची चूक. याहून बारीक दुरुस्ती पुढे आहेच. लक्षात घ्या, आपल्याकडे लीप वर्ष हा अपवाद असतो. मंगळावर लीप वर्षेच जास्त!

भारतीय वाचकाला गंमत वाटेल ती महिन्यांच्या नावांची. चोवीस महिन्यांना बारा राशींची नावे दोनदा दिली आहेत : एकदा लॅटिन, एकदा संस्कृत. सॅजिटॅरियस, मग धनुस्. कॅप्रिकॉर्नस, मग मकर. असे करत शेवटी स्कॉर्पियस आणि वृश्चिक. सुरुवात धनूपासून, कारण मंगळावर वसंतसंपात होतो तेव्हा तिथून सूर्य त्या राशीच्या ताऱ्यांकडे दिसतो.

पण राशींची नावे घेतली तरी राशींचा नियम घेतला नाही, आणि माझ्या मते या कॅलेंडरची खरी उणीव ती आहे. तमिळ, मल्याळम, बंगाली, ओडिया सौर पंचांगांत महिना संक्रांतीला बदलतो. सूर्याने एक रास ओलांडली की एक महिना. पृथ्वीची कक्षा थोडी लंबवर्तुळाकार असल्याने हे महिने 29 ते 32 दिवसांचे होतात. मंगळाची कक्षा याहून बरीच लांबट आहे. तिथे वसंतसंपातापासून दर 30 अंशांना एक, असे बारा सायन महिने पाडले तर सर्वांत लहान सुमारे 46 सोलांचा आणि सर्वांत मोठा सुमारे 67 सोलांचा येतो. गँगेल यांचे समान महिने पाठ करायला सोपे आहेत, पण ऋतूंशी ते जुळत नाहीत.

यावर मधला मार्ग आपल्याकडेच सापडतो. मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखालील समितीच्या शिफारशीवरून 22 मार्च 1957 पासून भारताने राष्ट्रीय सौर दिनदर्शिका स्वीकारली. तिच्यात महिन्यांचे दिवस ठरलेले आहेत, पण वैशाख ते भाद्रपद हे पाच महिने 31 दिवसांचे ठेवले, कारण त्या काळात सूर्य मंद चालतो. गणित उत्तम. तरीही राजपत्र आणि आकाशवाणी सोडली तर आज शक तारीख किती जणांना सांगता येते? तुमच्या वर्गात विचारून पाहा.

आठवड्याची गोष्ट याहून नाजूक. डेरियनमध्ये प्रत्येक महिना रविवारी सुरू होतो. 27 सोलांच्या महिन्यात शेवटचा शनिवार गाळतात. (मंगळावरही मंगळवार आहेच, 'सोल मार्टिस' या नावाने.) असाच प्रयोग पृथ्वीवर सुचवला गेला होता. जागतिक कॅलेंडरच्या योजनेत वर्षाचा शेवटचा दिवस कोणत्याच वारात मोजायचा नव्हता. 1950 च्या दशकात भारताने ही योजना संयुक्त राष्ट्रांत मांडली. सात दिवसांचे अखंड चक्र तुटेल म्हणून धार्मिक गटांनी विरोध केला, अमेरिकेनेही नकार दिला आणि योजना बारगळली. मंगळावर उद्या वस्ती झाली तर शनिवार पाळणारे तिथेही असतील.

दरम्यान शास्त्रज्ञांनी महिने आणि वार यांच्या वादात न पडता नुसती वर्षे मोजायला घेतली आहेत. 11 एप्रिल 1955 रोजी झालेल्या मंगळाच्या वसंतसंपातापासून मंगळवर्ष 1 सुरू होते. ऋतू सांगायचा तर सूर्याचे अंश सांगतात, थोडक्यात सायन संक्रांतीचीच पद्धत. या गणनेत आपले मंगळयान 24 सप्टेंबर 2014 रोजी कक्षेत शिरले ते मंगळवर्ष 32 मध्ये, आणि 2022 मध्ये त्याचा संपर्क तुटला तेव्हा 36 वे चालू होते. या कालखंडात यानाने मंगळाचे किती सोल पाहिले असतील, ते वरच्या आकड्यांवरून तुम्हीच काढा.