काळी मोजली, पांढरी राहिली

पंढरपूर–टेंभुर्णी रस्त्यावरचे करकंब हे पंढरपूर तालुक्यातले मोठे, बाजारपेठेचे गाव. आषाढीला निघालेली संत निवृत्तिनाथांची पालखी याच वाटेने पंढरीला जाते. अशा रस्त्याकडेच्या गावात हातभर जागेलाही मोल येते आणि मग तंटे उभे राहतात. कुणाचा ओटा रस्त्यात आला, कुणी परवानगीवाचून मजला चढवला, कुणाची टपरी सरकारी जागेत आहे. महाराष्ट्रात असे अर्ज आणि दावे नसलेले मोठे गाव शोधूनच काढावे लागेल. त्यांचे मूळ मात्र बरेच मागे, गाव मोजण्याच्या इतिहासात आहे.

जुन्या गावाचे दोन भाग असत: राहण्याची पांढरी आणि पिकवण्याची काळी. घराच्या जागेवरून भांडण झाले की पाटील-कुलकर्णी, शेटे-महाजन आणि बलुतेदार गोतसभेत बसत, म्हातारी माणसे साक्ष देत आणि निवाड्याचा महजर लिहिला जाई. पेशवाईतल्या पुण्यात जागा, घरे आणि रस्ते यांचे तंटे कोतवालाकडे जात. पुरावा म्हणजे मुख्यतः माणसांची आठवण आणि गावाने दिलेली ग्वाही.

इंग्रजी अमलात हे बदलले, पण अर्धवट. १८३५च्या सुमारास विंगेट आणि गोल्डस्मिड यांनी इंदापूर तालुक्यात जमिनीची नवी पाहणी सुरू केली आणि तीच पद्धत पुढे मुंबई इलाख्यात पसरली. साखळी टाकून शेत मोजले, प्रतवारी लावली, सर्व्हे नंबर दिला, आकार ठरवला. सरकारला हवा होता शेतसारा, आणि तो काळीतून येत होता. गावठाणातल्या घरांवर सारा नव्हता, म्हणून नकाशावर गावठाण हा एकच मोकळा तुकडा राहिला. आतली घरे, बोळ, परसे, चावडीपुढचे पटांगण यांच्या हद्दी कुणी आखल्याच नाहीत.

कायदे मात्र एकामागून एक आले. १८७९च्या मुंबई जमीन महसूल संहितेने विनापरवाना ताब्यावर कारवाईची सोय केली. १९६६च्या महाराष्ट्र जमीन महसूल संहितेतले कलम ५० सरकारी जमिनीवरचे अतिक्रमण काढण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्याला देते. त्याआधीच्या १९५८च्या ग्रामपंचायत अधिनियमात कलम ५२ बांधकाम परवानगीचे आहे, तर कलम ५३ सार्वजनिक रस्ते आणि मोकळ्या जागांवरील अतिक्रमणाचे.

तंटा प्रत्यक्ष सुनावणीला आला की टेबलावर काय येते? एक बाजू ग्रामपंचायतीचा नमुना आठचा उतारा ठेवते: मालकाचे नाव, घराचे वर्णन, क्षेत्रफळ, कर. पण हे कर आकारणीचे रजिस्टर. त्यातल्या नोंदीने मालकी सिद्ध होत नाही आणि घर कुठे संपून रस्ता कुठे सुरू होतो, हेही त्यातून कळत नाही. दुसरी बाजू म्हणते, आधी ओटा होता, मग त्यावर पत्रा आला, पत्र्याखाली भिंत उभी राहिली आणि शेवटी शटर लागले. दोघांपैकी खरे कोण, ते मोजणीवाचून ठरत नाही.

२००६ साली या वादात गावचे राजकारणही शिरले. सरकारी जमिनीवर किंवा सार्वजनिक मालमत्तेवर अतिक्रमण करणारा ग्रामपंचायत सदस्य होण्यास अपात्र, अशी दुरुस्ती झाली. मग प्रश्न आला: अतिक्रमण वडिलांचे किंवा सासऱ्यांचे असेल तर? सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींनी २०१७मध्ये मूळ अतिक्रमण करणाऱ्यापुरताच हा नियम धरला. २०१८मध्ये तीन न्यायमूर्तींनी तो अर्थ बाजूला सारला. कुटुंबाचे अतिक्रमण चालू ठेवून त्यात राहणारा सदस्यही अपात्र ठरू लागला. तेव्हापासून सरपंचपदाची चुरस पुष्कळदा अतिक्रमणाच्या अर्जातून लढली जाते.

गायरानाचा प्रश्न याहून मोठा. गावाच्या सामाईक जमिनींवरची अतिक्रमणे काढण्याची योजना आखा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०११मध्ये सर्व राज्यांना बजावले. २०२२मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने स्वतःहून हाती घेतलेल्या जनहित याचिकेत राज्य सरकारने आकडे मांडले: गायरान सुमारे ४.५२ लाख हेक्टर, त्यातले सुमारे १० हजार हेक्टर अतिक्रमित, आणि त्यावर सव्वादोन लाखांच्या आसपास बांधकामे. नोटिसा निघाल्या तशी गावे मोर्च्याने तहसीलवर गेली. गायरान बळकावून व्यापारी गाळे काढणारा आणि गावठाणात जागाच न मिळाल्याने तिथे झोपडी घालणारा मजूर, दोघांच्या हाती नोटीस सारखीच पडते. हा भेद कारवाईआधीच व्हायला हवा.

मोठ्या गावठाणांचा सिटी सर्व्हे होत आला, लहानांचा राहून गेला. ती उणीव भरायला पुरंदर तालुक्यातल्या सोनोरी गावात ड्रोनने गावठाण मोजण्याचा प्रयोग झाला आणि २४ एप्रिल २०२० रोजी केंद्राने स्वामित्व योजना जाहीर केली. आता घराघराची मालमत्ता पत्रके तयार होत आहेत. पण गावठाणाबाहेर वाढलेल्या वस्त्यांचे काम या पत्रकांनी भागत नाही. तिथे ग्रामपंचायत, भूमि अभिलेख आणि तहसील या तिन्ही कार्यालयांनी एकाच नकाशावर रस्ता, गायरान आणि राहती घरे दाखवावीत, तो नकाशा ग्रामसभेत वाचून हरकती घ्याव्यात आणि त्यानंतरच नोटीस काढावी.